न्यायासनावरची आपली माणसे : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

प्रश्न (मोहोळहून एक वाचक) : न्यायमूर्ती रानड्यांचा आपल्या सोलापूर जिल्ह्याशी कधी संबंध आला होता काय? आणि सरकारचा पगार घेऊन देशकार्य करणे त्यांना कसे जमले?

संबंध दोनदा आला. पहिला ओझरता होता : तरुणपणी, कोल्हापूरला न्यायाधीश म्हणून जाण्याआधी, त्यांनी काही काळ अक्कलकोट संस्थानचा कारभार पाहिला. दुसरा मात्र फार महत्त्वाचा आहे. १८७५ मध्ये पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या व कर्जरोखे जाळले, त्यानंतर सरकारने १८७९ चा ‘डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्ट’ आणला आणि तो पुणे, सातारा, नगर व सोलापूर या चार जिल्ह्यांना लावला. तोवर रोख्यावरची निशाणी शाबीत झाली की सावकाराला हुकूमनामा, म्हणजे वसुलीचा कोर्टाचा आदेश, मिळे, आणि आकडा कसा फुगला हे विचारण्याचे कोर्टाला कारणच नसे. नव्या कायद्याने कोर्टावर रोख्याच्या मागे जाण्याची, म्हणजे व्यवहार पहिल्यापासून उलगडून मुद्दल व व्याज वेगळे काढण्याची जबाबदारी टाकली, हप्ते बांधून देण्याची मुभा दिली आणि निव्वळ कर्जापायी शेतकऱ्याला दिवाणी तुरुंगात डांबण्याची वाट बंद केली.

वकिलीच्या सुरुवातीच्या काळात एका अशिलाने जमिनीच्या कागदांबरोबर एक जुना मोडी रोखा माझ्यापुढे ठेवला होता. सहीच्या जागी नांगराची ओबडधोबड आकृती, शेजारी लेखनिकाचा सफाईदार दस्तूर, आणि रकमेचा आकडा मात्र बाकीच्या मजकुराहून गडद शाईत. अशा कागदामागे जायचे म्हणजे काय, ते मला त्या दिवशी समजले.

या कायद्याखाली तालुक्याच्या कोर्टांचे काम तपासण्यासाठी खास न्यायाधीश नेमलेला असे. रानडे आधी डॉ. पोलन यांचे साहाय्यक होते आणि १८८७ पासून ते स्वतःच त्या जागेवर आले. चारही जिल्ह्यांत त्यांचे दौरे चालत, आणि त्यांपैकी अनेक दौऱ्यांत पत्नी रमाबाईही बरोबर असत. शेतकऱ्याच्या दारिद्र्यावर रानड्यांनी पुढे जे लिहिले, त्याला या दप्तरांचा आधार आहे. नोकरी सोडून ते केवळ सभांतून बोलत राहिले असते, तर हे त्यांच्या हाती लागले नसते, असे माझे मत आहे. नोकरीची किंमतही त्यांनी मोजलीच. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाच्या धामधुमीत, १८७९ मध्ये, त्यांना पुण्यापासून दूर धुळ्याला धाडण्यात आले आणि त्यांच्या टपालावर पाळत राहिली. १८८५ च्या मुंबईतल्या पहिल्या काँग्रेसला ते हजर होते, परंतु सरकारी नोकर असल्यामुळे प्रतिनिधी म्हणून नव्हे. उच्च न्यायालयाची जागा मिळाली ती १८९३ मध्ये, न्यायमूर्ती तेलंग यांच्या अकाली निधनानंतर.

प्रश्न (सोलापूर) : रवींद्रनाथ टागोरांचे बंधू आपल्या शहरात जज्ज होते, ही ऐकीव गोष्ट की खरी?

खरी. हे बंधू म्हणजे सत्येंद्रनाथ, आयसीएसमध्ये, म्हणजे ब्रिटिश अमलातल्या वरिष्ठ सनदी सेवेत, गेलेले पहिले भारतीय. त्यांची सारी नोकरी मुंबई इलाख्यात झाली, आणि सोलापूरला ते जज्ज असताना रवींद्रनाथ येथे येऊन राहिले होते. स्वतः सत्येंद्रनाथांनी तुकोबांचे अभंग बंगालीत नेले आणि नोकरीत असतानाच, १८६८ मध्ये, कलकत्त्याच्या हिंदू मेळ्यासाठी राष्ट्रगीतही लिहिले. गोऱ्या आरोपीचा खटला मुफसल, म्हणजे राजधानीच्या शहरांबाहेरच्या, भागातल्या भारतीय जज्जापुढे चालू द्यावा की नाही, यावरून १८८३ मध्ये इल्बर्ट बिलाचा जो गहजब उठला, तो अशाच अधिकाऱ्यांच्या अधिकाराबद्दल होता.

प्रश्न (पंढरपूरहून एक शिक्षिका) : १८९७ मध्ये टिळकांच्या बाजूने उभे राहिलेल्या दावर यांनीच १९०८ मध्ये त्यांना काळ्या पाण्याची शिक्षा दिली. हा विश्वासघात नव्हे काय?

घटना बरोबर आहेत. १८९७ मध्ये राजद्रोहाच्या खटल्यात टिळकांना जामीन मिळेना, तेव्हा न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी यांच्यापुढे अर्ज चालवणारे बॅरिस्टर दिनशा दावर होते आणि तय्यबजींनी जामीन दिला. हेच तय्यबजी १८८७ च्या मद्रास काँग्रेसचे अध्यक्ष होते. अकरा वर्षांनी बॅरिस्टर जीनांनी टिळकांच्या जामिनासाठी अर्ज केला, तेव्हा न्यायासनावर दावर होते आणि त्यांनी तो फेटाळला.

‘विश्वासघात’ हा शब्द मी वापरणार नाही, कारण वकील अशिलाची बाजू मांडतो, त्याच्याशी जन्माची गाठ बांधत नाही. पण दावर यांना मोकळे सोडायचेही कारण नाही. टिळकांना दोषी ठरवले ते नऊ जणांच्या ज्यूरीने, सात विरुद्ध दोन मतांनी. त्या ज्यूरीत सात युरोपियन आणि दोन पारशी होते. हे दावर यांच्या माथी मारता येत नाही. शिक्षा किती द्यायची, हे मात्र सर्वस्वी न्यायाधीशाच्या हाती असते. १८९७ च्या खटल्यात न्यायमूर्ती स्ट्रेची यांनी, ‘अप्रीती’ म्हणजे प्रीतीचा अभाव, असा कायद्याचा विलक्षण अर्थ ज्यूरीला सांगितला होता, तरीही शिक्षा अठरा महिन्यांचीच झाली होती. दावर यांनी सहा वर्षांची हद्दपारी दिली आणि वर टिळकांच्या बुद्धीलाच विकृत ठरवले. त्या बोलण्याची सक्ती त्यांच्यावर कोणत्याही कलमाने केलेली नव्हती. शिक्षेपूर्वी टिळकांनी काढलेले उद्गार मुंबई उच्च न्यायालयात संगमरवरी फलकावर कोरले आहेत, आणि १९५६ मध्ये त्याचे अनावरण केले ते त्याच न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती छागला यांनी.

प्रश्न (बार्शी) : सर चिमणलाल सेटलवाड हे सरकारधार्जिणे होते असे वाचले. त्यांचा सोलापूरशी काय संबंध?

मवाळ होते, धार्जिणे नव्हेत. जालियनवाला प्रकरणाची चौकशी करणाऱ्या हंटर समितीत, १९१९ मध्ये लाहोरला, चिलखती गाड्या आत नेता आल्या असत्या तर मशीनगन चालवली असती काय, असे डायरला त्यांनीच विचारले आणि ‘बहुधा होय’ हे उत्तर नोंदवून घेतले. पुढे डॉ. आंबेडकरांच्या बहिष्कृत हितकारिणी सभेचे ते अध्यक्ष झाले. या सभेने ४ जानेवारी १९२५ रोजी विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह उघडले, ते सोलापुरात.

प्रश्न (सोलापूर) : १९३० च्या मार्शल लॉमध्ये इथली न्यायालये काय करत होती?

८ मे रोजी गोळीबारानंतर भडकलेल्या जमावाने न्यायालयाची इमारतच पेटवली, आणि १२ मे ते ३० जून शहर लष्कराच्या हुकमतीखाली राहिले. हुकूम काढणारा, आरोप ठेवणारा आणि शिक्षा ठोठावणारा अंमल एकच होता, त्यामुळे तिरंगा बाळगणे किंवा गांधी टोपी घालणे हासुद्धा गुन्हा ठरू शकला. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि कुर्बान हुसेन यांना येरवड्यात फाशी दिली गेली, ती लष्करी अंमल उठल्यावर सहा महिन्यांहून अधिक काळाने, १२ जानेवारी १९३१ रोजी.