कोर्टानं धुरा (शेताचा बांध) मोजायला कमिशनर नेमलाय. पंचनाम्यावर सही करावी का? अहवाल विरोधात गेला तर केस हरली समजायची का? आणि फी कोण भरतं?

सही करा. पण जे खटकलं ते आधी स्वतःच्या हातानं लिहा आणि त्याखाली करा. "सही केली का वावर गेलं समज" असं सांगणारा एक जण प्रत्येक गावात असतोच. आमच्याकडे ते काम भाऊजींकडे होतं.

आमचं वावर पूर्णाकाठी, भारी काळी जमीन. धुऱ्यावरचे दगड मातीत जातात, उरलेले ट्रॅक्टर उचलतो. शेजाऱ्यानं धुरा कोरत कोरत आमच्याकडे सरकवला. आम्ही दावा लावला, कोर्टानं भूमी अभिलेखच्या अधिकाऱ्याला कमिशनर नेमलं, लगतधारकांना नोटिसा निघाल्या. पऱ्हाटी (कपाशी) उपटून वावर मोकळं झालं होतं हे नशीब.

मोजणीवाले साहेब आले, रोव्हर (उपग्रहावरून मोजायचं यंत्र) उभा केला आणि शेजाऱ्यानं दाखवलेल्या बाभळीपासून सुरुवात केली. आता ती बाभूळ माझ्या डोळ्यांदेखत वाढलेली. मी टिपणाची (जुन्या मोजणीचा अंतरं लिहिलेला कच्चा नकाशा) आणि गाव नकाशाची नक्कल आधीच काढून ठेवली होती. त्यात आमचा कोपरा शिवधुऱ्यावरच्या (गावाच्या शिवेच्या बांधावरच्या) दगडाला लागून आहे. टिपणातली अंतरं साखळी-आण्यांत. साखळी 33 फुटांची, तिचे आणे 16. त्या हिशेबानं टेप धरला, गाजरगवत बाजूला केलं, सब्बल मारली. हातभर खाली ठण्ण वाजलं. घडीव दगड, एका अंगाला छिन्नीचे घाव स्पष्ट. साहेब म्हणाले, "शेवटी बघू." शेवटी बघितलं नाही.

पंचनामा समोर आला तसे भाऊजी माझा दंड धरून म्हणाले, "नोको करू सही. चाल घरी." मी लिहिलं: "शिवधुऱ्यावरचा दगड उघडा करून दाखवला, तो धरून मोजणी केली नाही, मला मान्य नाही." खाली सही ठोकली. नंतर भाऊजी लग्नाकार्यात सांगत फिरले, साळ्यानं वावर लिहून दिलं म्हणून.

अहवाल बाभळीच्या बाजूनंच आला. पण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 26, नियम 10 प्रमाणे तो अहवाल पुरावा आहे, निकाल नाही. त्यावर हरकत घेता येते, कमिशनरला साक्षीला बोलावता येतं, आणि कोर्टाचं समाधान झालं नाही तर पुढची चौकशी लावता येते. आमच्या वकिलांनी उलटतपासणीत धरून ठेवलं ते एवढंच: कोणती खूण धरून मोजलं? माझी ओळ रेकॉर्डवर होती म्हणून साहेबांना उत्तर द्यावं लागलं. घरी निघून गेलो असतो तर "हजर, सहीस नकार" एवढंच लिहिलं गेलं असतं, आणि दगडाची गोष्ट मागाहून रचली असं समोरचा वकील म्हणाला असता. भाऊजी, वाचत असाल तर परत एकदा वाचा.

फेरमोजणी दगडावरून झाली. निघाली किती, तर पऱ्हाटीची तीन तासं, म्हणजे तीन ओळी. तेवढ्यासाठी कोर्टात जाणं वेडेपणा, असं भाऊजी आता म्हणतात. असेलही. सहीचा मुद्दा वेगळा आहे.

मी वकील नाही, हेही सांगून ठेवतो. ताबा कोणाचा हे शोधायला कोर्ट सहसा कमिशनर नेमत नाही, ते साक्षी-पुराव्यानं तुम्हालाच शाबीत करावं लागतं. दावाच लागलेला नसता तर आधी भूमी अभिलेखकडून मोजणी, ती पटली नाही तर निमताना मोजणी (वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी), असा रस्ता होता. आणि वाद वावरात जायच्या वाटेचा असेल तर तहसीलदाराकडे जा, वरचं काही कामाचं नाही.

फी ज्यानं कमिशनर नेमायचा अर्ज केला त्याला सहसा कोर्ट भरायला लावतं, मुदत घालून. अर्ज तुमचा असेल तर ती तारीख सांभाळा. पैसे जमा झाल्याशिवाय मोजणीवाले वावरात येत नाहीत.