वाचक विचारतात: पोरगा म्हणतो मला काराबातिच व्हायचंय

मागच्या अंकात हँडबॉलवर चार ओळी काय टाकल्या, या महिन्यात निम्मी पत्रं त्याचीच. मग म्हटलं, या वेळेस क्रिकेटला सुट्टी.

प्रश्न: सर, मुलगा नववीत आहे, शाळेच्या हँडबॉल टीममध्ये खेळतो. मोबाईलवर फ्रान्सच्या निकोला काराबातिचचे व्हिडिओ बघत बसतो आणि म्हणतो मला असंच व्हायचंय. आमची केळीची बाग, खेळातलं आम्हाला काही कळत नाही. हा माणूस कोण आणि पोराला खेळू द्यावं का? — एक वडील, रावेर

उत्तर: भाऊ, पहिले तर पोराची चॉइस एक नंबर आहे. बरेच जण या माणसाला आजवरचा सगळ्यात भारी हँडबॉलपटू मानतात, मीही मानतो.

जन्म १९८४ चा, निश गावचा, तेव्हाचा युगोस्लाव्हिया. वडील ब्रांको क्रोएशियाचे आणि स्वतः गोलकीपर, आई सर्बियाची. निकोला लहान असतानाच हे कुटुंब फ्रान्सला आलं आणि पुढे मॉँपेलिए शहराच्या बाजूला राहिलं. म्हणजे खेळ घरातच होता, बाप जेवताना पण बॉलचंच बोलत असेल. धाकटा भाऊ लुका आधी टेनिस खेळायचा, सिरियसली खेळायचा, मग उशिरा हँडबॉलकडे वळला आणि तोही फ्रान्सच्या टीममध्ये गेला.

आता क्लबांचं ऐका. मॉँपेलिएकडून २००३ मध्ये चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातल्या क्लबांची सगळ्यात मोठी स्पर्धा, जिंकली, तेव्हा वय १९. मग जर्मनीत कील, तिथे २००७ ला परत तीच ट्रॉफी. नंतर पुन्हा मॉँपेलिए, मधे थोडे दिवस फ्रान्सचाच एक्स क्लब, मग बार्सिलोना, २०१५ ला तिसऱ्यांदा तीच ट्रॉफी. तीन वेगळे क्लब, तीन चॅम्पियन्स लीग. शेवटची ९ वर्षं पॅरिसला, पीएसजी क्लबकडे, आणि गंमत बघा, तिथे इतका पैसा, इतके स्टार, पण ही ट्रॉफी काही आली नाही, २०१७ ला फायनलला गेले आणि मॅसेडोनियाच्या व्हारदार क्लबने शेवटच्या सेकंदाला एका गोलने हरवलं. देशाकडून ऑलिम्पिकची ३ गोल्ड (२००८, २०१२ आणि २०२१ ला झालेलं टोकियो), रिओत सिल्व्हर, वर्ल्ड चॅम्पियनशिप ४ वेळा, युरो म्हणजे युरोपियन चॅम्पियनशिप ४ वेळा. जगातला सर्वोत्तम खेळाडू ३ वेळा, २००७, २०१४, २०१६. या तीन सालांमधलं अंतर बघा, मला मेडलांपेक्षा तेच जास्त भारी वाटतं.

कारण पोरं बघतात काय, तर जंप शॉट. नऊ मीटरवरून हवेत उडाला, हात मागे, धाडकन जाळीत. रील त्याचीच बनते ना. पण तुमच्या पोराला सांगा, एक अख्खी मॅच लाव आणि बॉल समोरच्या टीमकडे असताना फक्त काराबातिचकडे बघ. बऱ्याच टीममध्ये अटॅकचे खेळाडू वेगळे आणि डिफेन्सचे वेगळे, बॉल गेला की पळत बेंचवर, दुसरा आत. हा गडी वर्षानुवर्षं दोन्हीकडे खेळला, मधोमध उभा, अंगावर येणाऱ्याला छातीवर घ्यायचा, हात वर, पाय सरकवत. आपल्याकडचा कबड्डीचा कव्हर आठवा, तसंच काहीतरी, फक्त समोरच्याच्या हातात बॉल आणि अंगात शंभर किलो. आणि वय वाढलं तसं त्याने शॉट कमी केले, पास वाढवले. खेळ बदलला म्हणून टिकला.

ऑक्टोबर २०२० ला गुडघ्याचं लिगामेंट फाटलं, एसीएल. वय ३६. इथे आपल्याकडे २२ व्या वर्षी एसीएल गेलं की घरचे म्हणतात बस झालं आता, दुकानात बस. टोकियो ऑलिम्पिक एक वर्ष पुढे गेलेलं होतं, हा नऊ-साडेनऊ महिन्यांत उभा राहिला, तिथे खेळला आणि गोल्ड घेऊन आला. जानेवारी २०२४ ला कोलोनमध्ये युरोची फायनल, डेन्मार्कला जादा वेळेत ३३-३१ ने हरवलं. वय ३९.

शेवट मात्र गोड नाही. पॅरिस ऑलिम्पिक, क्वार्टर फायनल, जर्मनीसमोर, घरचं पब्लिक. फ्रान्स एका गोलने पुढे, बॉल यांच्याकडे, फक्त सहा सेकंद बाकी, टाइमआउट पण घेऊन झाला. नुसता धरून ठेवला असता तरी जिंकले असते, पण पास गेला, जर्मनीने मधेच हाणला, गोल, बरोबरी, मग जादा वेळेत ३५-३४ ने हरले. काराबातिचची ती शेवटची मॅच. मी घरी बघत होतो, आमची आई मागून म्हणाली, "हाऊ काय खेळ शे भो, जिकेल मॅच हारी गयात." याच्यापेक्षा नीट कॉमेंट्री मला जमणार नाही.

आता पोराचं. खेळू द्या, पण डोळे उघडे ठेवून. फ्रान्समध्ये अशा वयाच्या पोरांना फेडरेशनच्या सेंटरला घेतात, तिथे शाळा आणि प्रॅक्टिस दोन्ही सोबत, पुढे क्लबची स्वतःची अकॅडमी, मग पगारी कॉन्ट्रॅक्ट. आपल्याकडे ही शिडी मधून मधून तुटलेली आहे. २०२३ ला जयपूरला प्रीमियर हँडबॉल लीग झाली, पहिला सीझन महाराष्ट्र आयर्नमेननेच जिंकला, ते चांगलंच, पण फक्त लीगच्या भरवशावर घर चालेल असं मी तुम्हाला सांगणार नाही. खरी भाकरी नोकरीत आहे, रेल्वे, आर्मी, पोलीस. राज्य सरकारच्या नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, फक्त कोणती स्पर्धा चालते, सर्टिफिकेट कोणाचं लागतं हे जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात आत्ताच जाऊन विचारा. आमच्या बॅचच्या एकाची सर्टिफिकेटं पडताळणीत उडाली, स्पर्धाच मान्यताप्राप्त नव्हती. तीन वर्षांची मेहनत आणि फाईलमध्ये रंगीत कागद.

प्रश्न: सगळं पुरुषांचंच सांगता, मुलींचं काय? माझी भाची खेळते, गोलकीपर आहे. — एक मावशी, शहादा

उत्तर: ताई, मान्य, चूक माझी. फ्रान्सच्या मुली कुठेच कमी नाहीत. टोकियोत पुरुषांनी गोल्ड घेतलं तसं महिलांनी पण घेतलं, वर्ल्ड चॅम्पियन २०१७ ला आणि २०२३ ला, पॅरिसला फायनलमध्ये नॉर्वेकडून हरल्या म्हणून सिल्व्हर. मुलींचा बॉल लहान असतो, घेर ५४ ते ५६ सेंटीमीटर, पुरुषांचा ५८ ते ६०. भाचीला पुरुषांच्या बॉलने प्रॅक्टिस करायला लावत असतील तर भांडा, कारण आपल्याकडे एकच बॉल असतो आणि तो पोरांचा असतो. बाकी गोलकीपर आहे म्हणजे पोरगी धीट आहे, तिला माझा सलाम.

प्रश्न: व्हिडिओत ते खेळाडू बुटाला हात लावून मग बॉल पकडतात, ते काय असतं? — एक विद्यार्थी, पाचोरा

उत्तर: ते रेझिन, चिकट पदार्थ. बुटावर गोळा लावून ठेवतात, बोटं टेकवायची आणि बॉल हाताला चिकटतो, म्हणून एका हाताने तो असा फिरवता येतो. आम्ही कॉलेजला असताना एकाने डोकं लावलं, बाभळीचा डिंक भिजवून आणला. मे महिना, जळगावचं ऊन, मातीचं ग्राउंड. दहा मिनिटांत बॉलवर इतकी माती बसली की तो मेथीचा लाडू दिसायला लागला आणि आमच्या सरांनी तो धुवायला आम्हालाच बसवलं. तू हे करू नको. घाम आला की कोरड्या रुमालाने पुस, आणि बोटांची ताकद वाढव.

प्रश्न: आमच्या शाळेत ग्राउंड आहे पण हँडबॉलचं मार्किंग कोणाला येत नाही. कसं करायचं? — एक शिक्षक, पारोळा

उत्तर: सर, सोपं आहे. ४० मीटर लांब, २० रुंद. गोल आतून ३ मीटर रुंद, २ मीटर उंच. गोलसमोर ६ मीटरवर ३ मीटरची सरळ रेघ मारा. मग ६ मीटरची दोरी घ्या, एका पोराला पोस्टच्या आतल्या, मागच्या कोपऱ्यात दोरी धरून बसवा, दुसरं टोक घेऊन सरळ रेघेपासून बाहेरच्या लाईनपर्यंत पाव गोल फिरवा, तसंच दुसऱ्या पोस्टवरून. झाला डी, म्हणजे गोलकीपरचा भाग. तशाच पद्धतीने ९ मीटरची तुटक रेघ, आणि गोलच्या मधोमध समोर ७ मीटरवर १ मीटरची खूण पेनल्टीसाठी. चुना संपला तर चुलीतली राख चालते, फक्त वाऱ्याच्या दिवशी नका मारू, आमची अख्खी ९ मीटरची लाईन एकदा शेजारच्या कापसात गेली होती.