शेततळ्याच्या मातीसाठी तहसीलदारांनी दंडाचा आदेश काढलाय, थेट हायकोर्टात जाता येतं का?

जाता येतं, पण बहुतेक वेळा तिथे पहिल्यांदा हेच विचारतात की अपिलाची सोय असताना इकडे कशाला आलात. मी वकील नाही, पण आमच्या चुलत्यांच्या शेतातल्या अशाच आदेशापायी तीन वर्षं प्रांत (उपविभागीय अधिकारी) ऑफिसचे हेलपाटे मारलेत, त्यातून जे कळलं ते सांगतो.

आदेश बहुधा जमीन महसूल अधिनियम 1966 च्या कलम 48(7) खाली, म्हणजे विनापरवाना खोदकामाच्या दंडाचा असेल. त्यावर अपील प्रांतांकडे, कलम 247 खाली, मुदत 60 दिवस. आदेशाच्या नकलेचा अर्ज आजच टाका आणि त्याची पोच जपून ठेवा, नक्कल मिळेपर्यंतचे दिवस मुदतीत धरत नाहीत. अपील टाकलं की वसुली आपोआप थांबते असं आम्हीही धरून चाललो होतो, पण तसं नसतं, स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. आम्ही दिला नाही आणि दोन महिन्यांत सातबाऱ्यावर बोजा चढला, सोसायटीचं पीककर्ज अडकलं ते वेगळंच.

आता खरी मेख पंचनाम्यात असते. तो ओळ न ओळ वाचा. मोजणी कशाने केली, टेपने की मशीनने, तुम्ही हजर होता का, सही कोणाची आहे. 100 बाय 50 फुटांचा खड्डा 10 फूट खोल धरला तर 50,000 घनफूट, म्हणजे 500 ब्रास होतात, आणि खोली नुसती 2 फूट जास्त लिहिली की 100 ब्रास वाढले, वर त्यावर पाचपट दंड! आमच्याकडे तर रस्त्याच्या कामासाठी कोणीतरी मागे कधीतरी पाडलेला जुना खड्डाही आमच्याच नावावर मोजला होता. तसंच कायद्यात 'पाचपटीपर्यंत' असं आहे, सरसकट पाचपटच लावायची असं नाही, तेव्हा पूर्ण पाचपट का लावली याचं कारण आदेशात नसेल तर तोही मुद्दा अपिलात घ्या.

माती गेली कुठे हे सगळ्यात महत्त्वाचं. पुण्याच्या बिल्डर संघटनेच्या केसमध्ये 3 डिसेंबर 2014 ला सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की पायासाठी खोदलेली माती त्याच प्लॉटवर सपाटीकरणाला वापरली असेल तर नुसतं खोदलं म्हणून दंड लावता येत नाही, वापर कशासाठी झाला ते तपासावं लागतं. पण ती केस साध्या मातीची होती, पंचनाम्यात 'मुरूम' लिहिलं असेल तर सरकारी बाजू लगेच हा फरक दाखवते. म्हणून त्यात नेमकं काय लिहिलंय ते बघा. तुमची माती बांधावरच असेल तर बाजू भक्कम आहे. आमचा मुरूम थोडा शेजारच्या वस्तीच्या रस्त्यावर गेला होता, एक रुपया घेतला नव्हता, तरी विनापरवाना वाहतूक ती वाहतूकच. प्रांतांनी फेरमोजणी लावली, दंड बराच उतरला, पण शून्य काही झाला नाही.

हायकोर्टाचा रस्ता कधी धरायचा, तर नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी न देताच आदेश काढला असेल किंवा काढणाऱ्याला तो अधिकारच नसेल तेव्हा. तुम्ही सोलापूरकडचे असाल तर आता मुंबई गाठायची गरज नाही, ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय. दिवाणी कोर्टात मात्र कोणी कितीही सांगितलं तरी आधी जाऊ नका, महसुली अपिलं संपल्याशिवाय तिथे दावा टिकवणं अवघड आहे.

आणि खोदलेल्या मातीच्या ढिगाऱ्याला आत्ता हात लावू नका, जेसीबी लावून पसरवलात तर फेरमोजणीला दाखवणार काय? पावसाच्या आधी तारखेसकट फोटो काढून ठेवा.