'आकडेमोड' आणि स्खोनस्खिप

प्रश्न : कण-भौतिकीवाले पूर्वी किचकट आकडेमोड 'शूनशिप' नावाच्या प्रोग्रॅमकडून करून घेत, असं वाचलं. इथे 'आकडेमोड' हा शब्द बरोबर आहे का? आणि शूनशिप म्हणजे 'सुंदर जहाज' ना?

उत्तर : नाही, आणि नाही.

संगणक दिसला की 'आकडेमोड' लिहायची, ही आपल्याकडच्या विज्ञानलेखनाची जुनी खोड. डच भौतिकशास्त्रज्ञ मार्टिनस वेल्टमन यांनी १९६३ मध्ये स्टॅनफर्डला असताना आयबीएम ७०९४ या संगणकासाठी लिहिलेल्या या प्रोग्रॅमचं काम अक्षरांशी होतं : कंस सोडवायचे, सजातीय पदं गोळा करायची, उडणारी उडवायची. फाइनमन आकृतीवरून, म्हणजे कणांमधली क्रिया दाखवणाऱ्या रेखाचित्रावरून, उत्तर काढताना गॅमा मॅट्रिक्स नावाच्या ठरावीक चौकटींच्या गुणाकाराचा ट्रेस (कर्णावरच्या पदांची बेरीज) घ्यावा लागतो. चार मॅट्रिक्स असतील तर ३ पदं, सहा असतील तर १५, आठ असतील तर १०५, बाराला थेट १०,३९५. हातानं करताना एक उणे चिन्ह सुटलं की मुसळ केरात. खुद्द वेल्टमन यांच्या भारित बोसॉन हा कण आणि फोटॉन (प्रकाशकण) यांच्यातल्या क्रियेच्या गणितात मधल्या टप्प्यावर सुमारे ५०,००० पदं झाली होती.

आता नाव. उच्चार 'स्खोनस्खिप'. डच 'स्खोन' म्हणजे स्वच्छ. जर्मनमधला त्याचा भाऊबंद 'सुंदर' या अर्थाचा, म्हणून जर्मन कोश उघडून डच अर्थ सांगणारे पंडित घसरतात. बेल्जियमकडे डचमध्येही 'सुंदर' चालतं, हे मान्य. पण इथे सुटा शब्द नाहीच, 'स्खोन स्खिप माकन' हा वाक्प्रचार आहे : जहाज धुऊन काढणं, म्हणजे साचलेला पसारा एकदाचा निकालात काढणं. शिवाय डच न येणाऱ्यांना छळावं, हाही नाव ठेवण्यामागचा एक हेतू होता!

आणि इथेच मला आपल्या 'आकडेमोड'मधला 'मोड' आठवतो. 'मोड म्हणजे फोड' असं सांगणाऱ्यांना माझा सवाल : बेरजेत काय फुटतं? माझा तर्क असा की हा 'मोड' धूळपाटीवरचा आहे. कपाटसंधी या जुन्या भारतीय पद्धतीच्या गुणाकारात गुण्याचा एकेक अंक पुसत त्याच जागी नवा अंक लिहीत जायचं. शेवटी मूळ आकडे मोडलेले, उरलं ते उत्तर. कोशात हे सापडणार नाही, पण मला दुसरं काही पटत नाही. स्खोनस्खिपही मांडलेलं मोडतच पुढे जातो, फक्त आकडे नव्हे, पदं. 'पदमोड' म्हणा हवं तर.

याच काळात स्टॅनफर्डमध्येच अँथनी हर्न यांचा 'रिड्यूस' (इंग्रजीत 'कमी करणे') हा प्रोग्रॅम आकाराला येत होता, तोही असल्याच गणितांसाठी. ते नाव म्हणजे थट्टा होती. तेव्हाचे असे प्रोग्रॅम उत्तर आटोपशीर करायचं सोडून पानंच्या पानं ओकत. तेव्हा त्याचं 'संक्षेपक' असं गंभीर भाषांतर कृपया कोणी करू नये.