आधी त्याचं डोकं, मग पोर्तुगाल

पत्र:

ताई, मी कोल्हापूरचा. मुलगा 19 वर्षांचा आहे, बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला. उंची सहा फूट एक इंच. आमच्या पेठेच्या संघात स्टॉपर, म्हणजे मधला बचावपटू, खेळतो. हवेतला बॉल दुसऱ्या कुणाला घेऊ देत नाही, अख्खी पेठ त्याच्या हेडिंगचं कौतुक करते. एका एजंटनं त्याचे व्हिडिओ पाहून पोर्तुगालच्या खालच्या लीगमधल्या एका क्लबात ट्रायल ठरवली आहे. पुढच्या महिन्याच्या 10 तारखेला निघायचं, खर्च 14 लाख. गावाकडची अर्धा एकर जमीन विकायची माझी तयारी आहे. बायको म्हणते, आधी पदवी घेऊ दे. घरात रोज वाद चालू आहे. मुलगा जिगरबाज आहे हो. गेल्या महिन्यात हेडिंगला उडी घेताना समोरच्याच्या डोक्यावर डोकं आपटलं, मिनिटभर उठला नाही, तरी मॅच पुरी केली. घरी आल्यावर दोनदा उलटी झाली तेवढीच. ट्रायलसाठी रोज सकाळी मी स्वतः बॉल टाकून त्याच्याकडून पन्नास-साठ हेडर मारून घेतो. हल्ली मात्र तो गप्प असतो, संध्याकाळी लाइट बंद करून पडून राहतो, आईवर खेकसतो. आमच्या भांडणाचा त्रास होत असावा. जमीन विकू का? बायकोला कसं समजावू?

– एक बाप, कोल्हापूर

उत्तर:

भाऊ,

जमीन, एजंट, पदवी, वहिनींचा विरोध, सगळं वाचलं. त्यावर शेवटी चार ओळी लिहीन. माझं सगळं लक्ष तुम्ही जाता जाता लिहिलेल्या त्या उलटीवर आहे.

डोक्यावर डोकं आपटलं, मिनिटभर मुलगा उठला नाही, उरलेली मॅच खेळला, घरी येऊन दोनदा ओकला. आणि पुढे, भलत्याच संदर्भात, तुम्ही लिहिता की तो हल्ली अंधारात पडून असतो आणि खेकसतो. तुमच्या लेखी या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही. पहिलीचं तुम्हाला कौतुक वाटतं, दुसरीचं खापर तुम्ही नवरा-बायकोच्या भांडणावर फोडता. मला त्या दोन्ही एकाच दुखण्याच्या वाटतात. आणि एवढ्या मोठ्या पत्रात डॉक्टरचं नाव एकदाही आलेलं नाही, याचा मला राग आला आहे.

डोक्याला असा मार बसला की मेंदू कवटीच्या आत हादरतो. डॉक्टर याला कंकशन म्हणतात. त्यासाठी बेशुद्धच पडायला लागतं असं नाही. रक्त येत नाही, कधी टेंगूळही येत नाही, सीटी स्कॅनसुद्धा बहुतेक वेळा साफ येतो, त्यामुळे घरच्यांना काही कळत नाही. ज्याचं डोकं आहे त्याला मात्र कळत असतं: डोकं ठणकतं, गरगरतं, उजेड आणि आवाज नकोसा होतो, वाचलेलं डोक्यात शिरत नाही, झोप बिघडते, कारण नसताना चिडचिड होते. बहुतेकांचं काही आठवड्यांत बरं होतं. काहींचं महिनोन् महिने रेंगाळतं, त्यातही मार बसल्यावर न थांबता खेळत राहिलेल्यांचं जास्त. मार लागल्यावर पुन्हा पुन्हा उलटी होणं हे तर त्याच रात्री इस्पितळ गाठायचं लक्षण होतं. मेंदूत रक्तस्राव नाही ना, एवढं तरी तेव्हाच बघून घ्यायला हवं होतं.

तुमच्या मुलाच्याच जागेवर खेळणाऱ्या एका माणसाचं सांगते. यान व्हर्टोंगन, बेल्जियमचा. ॲमस्टरडॅमच्या आयाक्स क्लबाच्या अकादमीत घडला, 2012 मध्ये तिथून लंडनला टॉटनहॅमकडे गेला, तिथं आठ वर्षं काढली, मग लिस्बनला बेनफिकात दोन वर्षं, आणि शेवटी मायदेशी अँडरलेख्टकडे. नेदरलँड्स, इंग्लंड, पोर्तुगाल, बेल्जियम, अशा चार देशांच्या लीग झाल्या. बेल्जियमसाठी दीडशेहून जास्त सामने, त्या देशात इतर कुणाहीपेक्षा अधिक. 2018 च्या वर्ल्डकपमध्ये जपाननं बेल्जियमवर दोन गोल चढवले होते, तेव्हा पहिला गोल फेडला तो यानंच, आणि तोही हेडरनं. तुमच्या मुलाला जे आयुष्य हवं आहे ते हा माणूस पुरेपूर जगला आहे.

30 एप्रिल 2019 ला लंडनमध्ये चॅम्पियन्स लीगची सेमीफायनल होती, समोर त्याचाच जुना क्लब आयाक्स. हवेतल्या बॉलसाठी उडी घेताना त्याचं तोंड आपल्याच संघातल्या टोबी आल्डरवेरेल्डच्या डोक्यावर आदळलं. नाकातून रक्ताची धार लागली. मैदानावरच उपचार झाले आणि त्याला पुन्हा खेळायला सोडलं. काही क्षणांतच तो बाजूरेषेशी येऊन वाकला, पाय लटपटले, आधार देऊन आत न्यावं लागलं. पुढच्या आठवड्यात ॲमस्टरडॅममधली सेमीफायनलची परतीची लढत, 1 जूनला माद्रिदमध्ये फायनल, दोन्हीत तो खेळला. जगानं त्याचं कौतुक केलं, जसं तुमच्या पेठेनं तुमच्या मुलाचं केलं असेल.

डिसेंबर 2020 मध्ये, इंग्लंड सोडून लिस्बनला गेल्यावर, त्यानं एका मुलाखतीत सांगितलं की त्या टकरीनंतर नऊ महिने आपल्याला चक्कर आणि डोकेदुखीनं ग्रासलं होतं. त्या काळात आपला खेळ का घसरला होता ते लोकांना ठाऊकच नव्हतं. सरावात, सामन्यात नवे धक्के बसतच होते. आणि तो गप्प का राहिला? करारातलं एकच वर्ष उरलं होतं, दुसऱ्या क्लबांच्या नजरेत राहायचं तर मैदानावर दिसणं भाग होतं, म्हणून.

हा भाग पुन्हा वाचा, भाऊ, आणि मग तुमच्या घराकडे बघा. 10 तारीख ठरली आहे. बाप वाडवडिलांची जमीन विकायला निघाला आहे आणि त्यावरून आईशी रोज भांडतो आहे. सकाळी तोच बाप बॉल हातात घेऊन समोर उभा राहतो. अशा घरातला 19 वर्षांचा मुलगा कुठल्या तोंडानं म्हणेल, की पप्पा, माझं डोकं ठणकतंय, आज हेडर नको? व्हर्टोंगन तेव्हा बत्तीस वर्षांचा होता, सगळं कमावलेला, दिमतीला क्लबाचे डॉक्टर आणि फिजिओ. त्यालाही बोलता आलं नाही. तुमच्या मुलापाशी तर तुम्ही दोघंच आहात.

वहिनींच्या बाजूनं मी बोलेन असं वाटत असेल तर तसंही नाही. मुलगा दिवा मालवून पडतो हे त्यांनाही रोज दिसतं. त्यांनी त्यातून अभ्यासाची टाळाटाळ काढली असेल, तुम्ही भांडणाचा त्रास काढला. त्याच्या उशाशी बसून डोकं दुखतं का रे, असं दोघांपैकी कुणी विचारल्याचं पत्रात कुठं नाही. पोर्तुगाल की पदवी, या तुमच्या वादात तो एकटा पडला आहे.

त्या पन्नास-साठ हेडरबद्दल आता. तुम्हाला वाटतं, युरोपात जायचं तर एवढी मेहनत पाहिजेच. त्या युरोपात काय चालतं ते ऐका. इंग्लंडमध्ये 2021-22 च्या हंगामापासून व्यावसायिक खेळाडूंसाठी सूचना आहे की सरावात जोरानं येणाऱ्या बॉलवर आठवड्याला दहाच्या वर हेडर नकोत. स्कॉटलंडच्या व्यावसायिक क्लबांना 2022 मध्ये सांगण्यात आलं की सामन्याच्या आदल्या आणि दुसऱ्या दिवशी हेडिंगचा सराव घेऊ नये. त्यामागे ग्लासगो विद्यापीठाचा अभ्यास आहे. स्कॉटलंडच्या सात हजारांहून अधिक माजी व्यावसायिक खेळाडूंच्या नोंदी तिथल्या डॉक्टरांनी तपासल्या. डिमेन्शियासारख्या मेंदू झिजण्याच्या आजारांनी मृत्यू येण्याचं प्रमाण या खेळाडूंमध्ये सामान्य माणसांच्या साडेतीन पट निघालं. 2021 मध्ये त्यांनी जागेनुसार हिशेब केला. गोलकीपरांचा धोका जवळपास सामान्य माणसांएवढाच होता, आणि सगळ्यांत जास्त होता तो डिफेंडरांचा, सुमारे पाच पट. लांबून येणारा प्रत्येक उंच बॉल ज्यानं डोक्यानं परतवायचा, त्याच जागेवर तुमचा मुलगा उभा असतो.

राफाएल वरानचं नाव तुमच्या घरात नक्की घेतलं जात असेल. लान्स, रेआल माद्रिद, मँचेस्टर युनायटेड आणि अखेर इटलीतला कोमो. फ्रान्सकडून 2018 चा विश्वविजेता, स्टॉपरच. त्यानं 2024 मध्ये सांगितलं की 2014 च्या वर्ल्डकपमध्ये नायजेरियाविरुद्ध डोक्याला मार बसला, तरी तो सामना त्यानं यंत्रासारखा पुरा केला आणि चारच दिवसांनी जर्मनीविरुद्ध उतरला. त्या दिवशी जर्मनीच्या हुमेल्सनं वरानला चुकवून हेडरनं गोल केला आणि फ्रान्स बाहेर पडलं. 2020 मध्ये मँचेस्टर सिटीविरुद्ध त्याच्या दोन चुकांवर दोन गोल झाले, त्याच्याही आधी त्याला डोक्याला मार बसलेला होता. म्हणजे दुखणं लपवून खेळल्यानं त्याचा खेळही वाचला नाही. आज हा माणूस स्वतःच्या लहान मुलाला सांगतो, फुटबॉल खेळ, पण हेडिंग करू नकोस.

तुमच्या गावात फुटबॉल काय चीज आहे ते मला माहीत आहे. शाहू स्टेडियममध्ये दोन पेठांचा सामना असला की निम्मं शहर कामधंदा टाकून तिकडं जातं. पडलेला पोरगा उठून पुन्हा खेळला की गॅलरी जो आवाज करते, तो ऐकून कुणालाही उठावंसं वाटेल. म्हणून त्याला आत बसवायचं काम बाहेरच्या जाणत्या माणसानं करायचं असतं. फुटबॉलचे नियम ठरवणाऱ्या मंडळानं 2021 पासून डोक्याला मार लागलेल्यासाठी जादा बदली खेळाडूची मुभा आधी प्रयोग म्हणून दिली आणि 2024 मध्ये ती नियमांतच घातली. स्पर्धेनं ती स्वीकारली की संघाची नेहमीची बदली खर्ची पडत नाही. तुमच्या संघाच्या बाकावर त्या दिवशी जो कुणी मोठा माणूस होता, त्याला जाऊन हे सांगा. पुढचा मुलगा दुसऱ्या कुणाचा असेल.

आज रात्री, मुलगा समोर बसलेला असताना, त्या एजंटला फोन करा आणि सांगा की 10 तारखेला आम्ही येत नाही. पुढची तारीख मागू नका. फोन ठेवल्यावर मुलाला सांगा की हे तुम्ही ठरवलं आहे, त्यात त्याची काही चूक नाही, जमीन आहे तिथं आहे. मग विचारा, डोकं कसं आहे, आणि तो बोलेपर्यंत थांबा. वहिनींनी पदवीचा विषय त्या खोलीत काढायचा नाही. आणि उद्या सकाळी, तुम्ही ज्या वेळेला बॉल घेऊन मैदानावर जाता त्याच वेळेला, त्याला घेऊन न्यूरॉलॉजिस्टकडे निघा. सीपीआरला, म्हणजे सरकारी इस्पितळात न्या, खासगीत न्या, पण उद्याच. रात्रीत उलटी झाली, बोलणं अडखळलं, एका बाजूचा हात-पाय जड वाटला किंवा जागं करणं अवघड गेलं, तर सकाळची वाट बघू नका.

डॉक्टरांना सगळं सांगा: मार कुठल्या तारखेला बसला, किती वेळ पडून होता, उरलेली मॅच त्याला आठवते का, उलट्या किती झाल्या, आणि त्यानंतर रोज किती हेडर मारले. हे शेवटचं सांगताना तुम्हाला जड जाईल. तरी सांगा, कारण उपचार त्यावर ठरणार आहे. पहिला मार भरून यायच्या आत दुसरा बसून मेंदूला सूज आल्याची आणि तरुण मुलं दगावल्याची उदाहरणं आहेत. थोडी आहेत, पण आहेत. म्हणून डॉक्टर लेखी देईपर्यंत ना मॅच, ना सराव. ब्रिटनमध्ये गल्लीतल्या खेळाडूंसाठी 2023 मध्ये सूचना निघाल्या, त्यात कंकशननंतर सामन्यात उतरायला किमान 21 दिवस सांगितले आहेत, आणि तेही त्रास पूर्ण थांबल्यावर, एकेक पायरी चढत. तुमच्या मुलाचा त्रास अजून थांबलेला दिसत नाही, म्हणजे 21 दिवस उलटले असले तरी त्याला अजून उतरता येणार नाही.

आता ते 14 लाख. ज्या क्लबाला खेळाडू हवा असतो तो खेळाडूला पगार देतो. एजंटचा मेहनताना लेखी करारानं ठरतो आणि खेळाडूच्या कमाईतून निघतो, ट्रायलच्या आधी बापाच्या सातबाऱ्यातून नाही. 2023 पासून एजंटला फिफाची परीक्षा देऊन परवाना घ्यावा लागतो आणि परवानाधारकांची नावं फिफाच्या संकेतस्थळावर कुणालाही शोधता येतात. या माणसाचं नाव तिथं सापडतं का बघा, आणि क्लबाचं निमंत्रण थेट क्लबाकडून मागवा. जमीन विकू नका.

मुलगा चांगला स्टॉपर असेल तर पुढच्या वर्षीही असेल. व्हर्टोंगन पंचविसाव्या वर्षी इंग्लंडला गेला आणि तिशी उलटल्यावर पोर्तुगालला. तुमच्या मुलाला अजून वीस पुरी व्हायची आहेत.

डॉक्टर काय म्हणाले ते मला कळवा. आणि जमलं तर चार ओळी त्याला स्वतःला लिहायला सांगा, त्याला वाचायला-लिहायला त्रास होत नसेल तेव्हा.

– ताई