वन पीस या अ‍ॅनिमेत हाकी (अशा वाळूच्या शरीरालाही फटका बसवणारी इच्छाशक्तीची ताकद) नसताना हिरो लुफीने व्हिलन क्रोकोडाइलला हरवलंच कसं?

स्वतःच्या रक्ताने. क्रोकोडाइल वाळूचा माणूस, कोरडा असला की बुक्की आरपार जाते, पण ओला झाला की वाळू घट्ट होते आणि फटका बसतो. अलाबास्ता या वाळवंटी राज्यातली ही फाइट तीन राउंडची आहे, पहिल्यात लुफी हुकवर टांगला जातो, दुसऱ्यात पाठीवर पाण्याचं पिंप बांधून येतो (दिसतं कॉमेडी, पण डोकं लावलंय पठ्ठ्याने) तरी हरतो, आणि शेवटी राजांच्या थडग्यात पाणीच नसतं तेव्हा रक्ताने माखलेल्या मुठींनीच धुतो, एपिसोड 126 बघ. फक्त एक, अलाबास्ता एकट्या लुफीने वाचवलं असं नाही, झोरो, सांजी, नामी वगैरे साथीदारांनी क्रोकोडाइलचे बाकीचे एजंट आधीच आडवे केले होते.