ऑक्सफर्डमध्ये रोज तास नसतात म्हणे, मग मुलं शिकतात कशी?
लेक्चर असतात, पण खरा कस लागतो ट्युटोरियलमध्ये. आठवडाभर पुस्तकांची लांबलचक यादी उपसायची, निबंध लिहायचा आणि प्राध्यापकाच्या खोलीत जाऊन बसायचं. समोर विद्यार्थी फार तर दोन-तीन. 'हे वाक्य कशाच्या आधारावर लिहिलंस?' असं विचारलं, की रात्री जागून केलेली जुळवाजुळव तिथेच उघडी पडते. मागच्या बाकावर लपायची सोयच नाही! टर्म जेमतेम 8 आठवड्यांची, त्यामुळे दम खायलाही फुरसत नाही.

परीक्षेला काळा गाऊन आणि छातीवर कार्नेशनचं फूल. पहिल्या पेपरला पांढरं, मधल्यांना गुलाबी, शेवटच्याला लाल. नाशिकला जन्मलेल्या कॉर्नेलिया सोराबजींनी 1892 मध्ये तिथे कायद्याची परीक्षा दिली, पण बायकांना पदवी 1920 पर्यंत मिळतच नव्हती.